मूळ गाव कोणते?
चित्र आणि माहितीपट : वाचकांचे प्रश्न

गेल्या अंकात मी माझ्या आजोबांच्या हातमागावर केलेल्या माहितीपटाविषयी लिहिले होते. आजोबा तेलंगणातल्या करीमनगरकडचे पद्मशाली विणकर. निजामाच्या राजवटीत पोटापाण्यासाठी नांदेडला आले आणि इथलेच झाले. घरात तेलुगू, गल्लीत दखनी आणि शाळेत मराठी अशा तीन भाषांत वाढलेली मुलगी आपल्याच घराकडे कॅमेरा वळवते तेव्हा काय होते, हा त्या लेखाचा विषय होता. त्यावर आलेल्या पत्रांपैकी चार पत्रे थोडी संक्षिप्त करून येथे देत आहे. पत्रलेखकांची नावे मुद्दाम दिलेली नाहीत.

प्रश्न : ताई, मी बीड जिल्ह्यातली. दिवाळी झाली की आई-वडील ऊस तोडायला साखर कारखान्याला जातात. दहावीपर्यंत माझेही अर्धे वर्ष तिथल्या कोपीतच, म्हणजे तात्पुरत्या झोपडीत, गेले. आता मी छत्रपती संभाजीनगरला चित्रकला शिकते. तुम्ही ज्यांना स्थलांतरित म्हणता ते लोक देश नाहीतर प्रांत सोडून गेलेले असतात. आम्ही तर सहा महिन्यांनी घरी परततो. मग आमच्या जाण्याला स्थलांतर म्हणायचे का? मला आईवर माहितीपट करायचा आहे, पण ती म्हणते, ‘आमचं काय बघायचं त्यात? लई कॅमेरेवाले येऊन गेले.’ मला अहोजाहो करू नका.

उत्तर : आधी तुझ्या आईचे म्हणणे घेते. बीड जिल्ह्यात कॅमेरे येतात ते ठरलेल्या वेळी. दुष्काळ पडला की टँकरभोवतीच्या हंड्यांसाठी येतात. २०१९ मध्ये ऊसतोड करणाऱ्या बायकांच्या गर्भाशयाच्या शस्त्रक्रियांचा प्रश्न गाजला आणि सरकारने चौकशी समिती नेमली, तेव्हा त्या बायकांसाठी आले. तो प्रश्न खरा होता आणि तो जगापुढे येणे गरजेचेच होते. परंतु त्या गर्दीत एकेका बाईला तेच ते चार प्रश्न पुन्हा पुन्हा विचारले गेले. ती मोळी कशी आवळते, गाडीच्या फळीवरून मोळी डोक्यावर घेऊन चढताना पाय कुठे टाकते, वाढं, म्हणजे उसाचे हिरवे शेंडे, विकून आलेल्या पैशांतून आठवड्याचा बाजार कसा बसवते, हे विचारायला कोणी थांबले नाही. तेव्हा तुझी आई लाजून नकार देत आहे असे समजू नकोस. तिने हा प्रकार पाहिलेला आहे.

आता तुझा पहिला प्रश्न. कागदपत्रे घेऊन बस आणि बघ. रेशनकार्ड गावातले, पण पीठ संपते ते कोपीवर. हजेरीपटात नाव गावच्या शाळेतले, पण पोर उसाच्या फडात. एखाद्याचा जन्म सांगलीकडच्या फडात झालेला असतो आणि दाखल्यावर जन्मगाव म्हणून बीड जिल्ह्यातले खेडे लागलेले असते. कारखान्याच्या मुलखात तुम्हाला ‘बीडवाले’ म्हणतात आणि हंगामात गावात कोणी चौकशी केली तर शेजारी सांगतात, ‘ते कारखान्याला गेलेत.’ दोन्ही ठिकाणी तुमची ओळख दुसऱ्या ठिकाणावरून दिली जाते. परदेशी गेलेल्या माणसाच्या वाट्याला हेच येते, आणि तुमच्या घरात ते दरवर्षी येते. त्यात आणखी एक गोष्ट अशी की नवरा-बायकोच्या जोडीला तुमच्याकडे ‘एक कोयता’ म्हणतात, उचल, म्हणजे आगाऊ रक्कम, माणसागणिक न मिळता कोयत्यावर मिळते आणि मुकादम मोजतो तोही ‘माझ्याकडे वीस कोयते आहेत’ असाच. दोन माणसांना मिळून एका हत्याराचे नाव पडते, याहून ओळखीचा मोठा प्रश्न मला तरी माहीत नाही. त्यामुळे तुमच्या जाण्याला स्थलांतर म्हणावे की नाही, याचा निकाल लागेपर्यंत थांबू नकोस.

कॅमेरा मात्र इतक्यात काढू नकोस. तू चित्रकार आहेस, आधी वही काढ. आईला शेजारी बसवून तिच्याकडून कोपीचा आराखडा काढून घे: बांबू किती लागतात, ते वाकवून कुठे बांधतात, वर ताडपत्री की पाचट, दार कोणत्या अंगाला, चूल आत की बाहेर, पिठाचा डबा कुठे, तान्ह्या मुलाची झोळी कशाला अडकवलेली, पैसे कुठे ठेवलेले. ज्या बाईने अशा वीस-पंचवीस कोप्या उभ्या केल्या आणि मोडल्या, तिच्या बोटांना ही मापे पाठ असतात. ‘तुम्हाला काय वाटतं?’ असे विचारले की माणसे गप्प होतात. ‘दार इकडं होतं का तिकडं?’ असे विचारले की तासभर बोलतात. हा माझा अनेक वर्षांचा अनुभव आहे.

झरीना हाश्मी या मुद्राचित्रकार बाईंचे काम या संदर्भात जरूर पाहा. त्यांचा जन्म १९३७ चा, अलीगढचा. पुढे कुटुंब कराचीला गेले आणि त्या स्वतः अनेक देशांत राहून दीर्घकाळ न्यूयॉर्कमध्ये स्थिरावल्या. सुटलेल्या घराचे दुःख त्यांनी रडणाऱ्या चेहऱ्यांतून कधी सांगितले नाही. अलीगढच्या वडिलांच्या घराचा त्यांनी नुसता नकाशा कोरला आणि १९९९ मध्ये लाकडी ठशांची छत्तीस चित्रे केली, ज्यांत प्रत्येक चित्रात एकेक उर्दू शब्द आणि त्या शब्दाची मोजक्या रेषांतली आकृती आहे. तुझ्याकडे असे शब्द भरपूर आहेत. कोपी, मोळी, वाढं, पाचट, खाडा, उचल, पट्टा पडणे. शहरातल्या वाचकाला यांतले निम्मे कळणार नाहीत. म्हणून ते सोडून देऊ नकोस आणि खाली त्यांचा शब्दकोशही देऊ नकोस. चित्रातून अर्थ कळेल अशी चित्रे काढ.

माहितीपटाची वेळ येईल तेव्हा पहाटे तीनची भाकरी आणि दगडावर कोयत्याला धार लावण्याचा आवाज एवढ्या दोन गोष्टी नीट ध्वनिमुद्रित करून घे. बाकीचे पुढे सुचत जाईल. परंतु एक काळजी आतापासून घे. तुझ्या आईला पुढच्या हंगामात बहुधा त्याच मुकादमाकडून उचल घ्यायची आहे. ती बोलण्याच्या भरात हिशेबाविषयी किंवा न फिटता अंगावर फिरलेल्या उचलीविषयी काही बोलून गेली आणि ते तू जसेच्या तसे दाखवलेस, तर टाळ्या तुला मिळतील आणि परिणाम तिला भोगावा लागेल. कच्चे संकलन सर्वांत आधी आई-वडिलांना दाखव. मार्गदर्शकांचा क्रमांक त्यानंतर. ती जे काढ म्हणेल ते काढून टाक, मग तो तुझा सर्वांत चांगला प्रसंग असला तरी.

प्रश्न : आमचे घराणे नांदेडचे दखनी शीख. किती पिढ्या झाल्या हे घरात कोणाला नेमके सांगता येत नाही. मी मराठी माध्यमात शिकलो, पंजाबी मला तुटक येते, तरी पगडी पाहून प्रवासात प्रत्येक जण विचारतो, ‘पंजाबात कुठले?’ याच प्रश्नावर मी माहितीपट करत आहे. एका जाणकाराने सल्ला दिला की पंजाबात जाऊन मूळ गाव शोधल्याशिवाय त्याला शेवट मिळणार नाही. जावे का?

उत्तर : जायचे असेल तर जा, पण शेवट मिळवण्यासाठी जाऊ नका. मूळ गाव शोधत निघालेला नायक, मग एखादा म्हातारा, एखादी पडकी विहीर, डोळ्यांत पाणी, असा माहितीपट आपण सर्वांनी पाहिलेला आहे. तो वाईट असतो असे नाही. परंतु त्यात मधल्या दोनशे वर्षांचा हिशेब कोणी देत नाही, आणि तुमचे सगळे वैभव तर त्या मधल्या वर्षांतच आहे.

गुरू गोविंदसिंग १७०८ मध्ये नांदेडला आले, गुरुगादी ग्रंथसाहिबाला देऊन त्याच वर्षी येथेच त्यांनी देह ठेवला. आजचे सचखंड हुजूर साहिबचे मंदिर महाराजा रणजितसिंगांच्या काळात, १८३२ ते १८३७ या वर्षांत उभे राहिले. म्हणजे तुमचे पूर्वज ज्या ठिकाणी आले ते शीख परंपरेच्या पाच तख्तांपैकी, म्हणजे सर्वोच्च धर्मपीठांपैकी, एक आहे, आणि पंजाबातला माणूस आयुष्यात एकदा तरी तेथे यायची इच्छा धरून असतो. ‘पंजाबात कुठले?’ असे विचारणाऱ्याला हे ठाऊक नसते. पंजाबाहून आलेल्या एखाद्या यात्रेकरूला तुम्ही पत्ता सांगत आहात, तो पंजाबीत विचारतो आणि तुम्ही अर्धे मराठी, अर्धे दखनी बोलून हात करून रस्ता दाखवता, हा प्रसंग मला तुमच्या माहितीपटाच्या सुरुवातीला पाहायला आवडेल. गोदावरीचे पाणी घागरीने तख्तावर नेण्याची परंपरा आणि दिवाळीच्या सुमारास होणारे तख्तस्नान, जेव्हा शस्त्रे काढून धुतली जातात, ही दृश्येही तुमच्या घरापासून चालत जाण्याच्या अंतरावर आहेत. चित्रीकरणाची परवानगी लेखी घ्या, आणि जेथे नाही म्हणतील तेथे बाहेर उभे राहून आवाज घ्या. नदीचा आणि पावलांचा आवाज घ्यायला कोणी अडवत नाही.

तुमच्या पत्रात ‘बाहेरून आलेले’ हे शब्द चार वेळा आले आहेत, म्हणून माझ्या घरचे सांगते. आजोबा आले तेव्हा करीमनगर आणि नांदेड एकाच हैदराबाद संस्थानात होते. त्यांनी कोणतीही सीमा ओलांडली नव्हती. एका जिल्ह्यातून निघून ते दुसऱ्या जिल्ह्यात आले, इतकेच. १७ सप्टेंबर १९४८ रोजी संस्थान भारतात विलीन झाले, तरी राज्य म्हणून हैदराबाद पुढे आठ वर्षे तसेच राहिले. मग १ नोव्हेंबर १९५६ रोजी भाषावार पुनर्रचनेत मराठवाड्याचे पाच जिल्हे मुंबई राज्यात आले, तेलंगण आंध्रात गेले आणि बिदर म्हैसूर राज्यात गेले. आजोबा त्या दिवशीही मागावरच बसलेले असतील, आणि उठले तेव्हा ते परप्रांतीय झालेले होते. सीमेलगतच्या देगलूर-बिलोलीकडे आजही अशी घरे आहेत, ज्यांची सोयरीक एका राज्यात आणि सातबारा दुसऱ्या राज्यात आहे. माणसे जागच्या जागी राहतात आणि रेषा सरकते, हाही स्थलांतराचाच एक प्रकार आहे, आणि मराठवाड्याइतका तो फार थोड्या प्रदेशांनी पाहिला असेल.

हे मला पहिला माहितीपट करताना कळले नव्हते. मीसुद्धा मुळाच्या शोधात होते. माझ्या मोठ्या काकांनी माग सोडून वीस वर्षे झाली होती. मी हट्टाने त्यांना एका ओळखीच्या विणकराच्या मागावर बसवले, खिडकीतून तिरीप पडेल अशी वेळ साधली आणि ‘धोटा फेका’ म्हणाले. दृश्य अप्रतिम आले. घरी दाखवले तेव्हा आजी एवढेच म्हणाली, ‘ताणा सैल आहे, ह्यावर कापड निघत नाही.’ तिने ते एका नजरेत ओळखले होते. ज्या काकांनी दुकानात कपडे मोजून आमची शिक्षणे केली त्यांना मी, माझ्या कल्पनेतला पद्मशाली दिसावा म्हणून, खोट्या मागावर बसवले होते. ते दृश्य मी काढले. त्याच्या जागी काका दुकानात कापड हातावर मोजतात ते घातले. मोजता मोजता ते अंगठ्याने सूत चाचपून पाहतात, गिऱ्हाइकाच्या ते लक्षातही येत नाही. तुमच्या घरातही अशी एखादी सवय असणार. ती सापडल्यावर पंजाबचे तिकीट काढा.

प्रश्न : आम्ही लातूरला असतो. माझी नात अमेरिकेत कॉलेजात चित्रपटकला शिकते आणि ‘आमच्या कुटुंबाचा वारसा’ अशा विषयावर लघुपट करते आहे. त्यासाठी ती दर रविवारी व्हिडिओ कॉलवर आमच्या सौभाग्यवतींची मुलाखत घेते. एरवी दिवसभर बोलणारी ही बाई फोनसमोर आली की भाषण केल्यासारखी बोलते. नात वैतागते. उपाय काय?

उत्तर : नातीला सांगा की मुलाखत बंद कर आणि आजीकडून काहीतरी शीक. शेंगदाण्याची चटणी, गोधडीचा टाका, तिसऱ्या पिढीतल्या नातेवाइकांची नावे, काहीही चालेल. फोन ओट्यावर टेकवून ठेवा, आजींचे हात दिसले म्हणजे पुरे. बोलणे आपोआप सुरू होईल, बहुधा रागावण्यापासून. ध्वनी मात्र तुमच्याकडेच दुसऱ्या फोनवर मुद्रित करून नंतर पाठवा, कारण कॉलवरचा आवाज तुटका असतो आणि तो पुढे दुरुस्त होत नाही.

नातीचे मराठी कच्चे असेल आणि आजींचे बोलणे तिला अर्धेच कळत असेल, तर ते लपवण्याचे कारण नाही. मोना हातूम या कलावतीचे कुटुंब पॅलेस्टिनी, जन्म बैरूतचा. १९७५ मध्ये त्या लंडनला गेलेल्या असताना लेबनॉनमध्ये यादवी पेटली आणि परतीची वाट बंद झाली. १९८८ मध्ये त्यांनी पंधरा मिनिटांची एक चित्रफीत केली. तीत पडद्यावर आईच्या पत्रांतली अरबी अक्षरे जाळीसारखी पसरलेली आहेत, मागे आईची छायाचित्रे दिसतात, लेक ती पत्रे इंग्रजीत वाचते आणि खाली दोघींचे अरबीतले बोलणे चालू असते. पाहणाऱ्याला अक्षरांआडून आई पुरती दिसत नाही आणि तिचे बोलणे पुरते ऐकूही येत नाही. अंतर किती आहे ते त्यातच कळते. तुमच्या नातीने हे पाहिले तर ती आजींच्या प्रत्येक वाक्याखाली इंग्रजी तर्जुमा चिकटवण्याचा आग्रह सोडील. आणि आजोबा, त्या कॉलच्या वेळी आपण मागून सूचना देत असाल, अशी मला दाट शंका आहे. कृपया फिरायला जावे.

प्रश्न : मी छत्रपती संभाजीनगरचा चित्रकार आहे. मलिक अंबरवर चित्रमालिका करायची आहे. मित्रांत वाद असा की त्याला आफ्रिकन म्हणून रंगवावे की दख्खनी सरदार म्हणून. दुसरे म्हणजे, त्याचा विश्वसनीय चेहरा कुठे मिळेल?

उत्तर : वाद मित्रांवर सोपवा. हा माणूस साधारण १५४८ मध्ये इथिओपियात जन्मला, तेव्हा त्याचे नाव चापू होते. लहानपणीच तो गुलाम म्हणून विकला गेला, एका हातून दुसऱ्या हाती जात बगदादला पोहोचला. तेथे त्याला ‘अंबर’ हे नाव मिळाले. दख्खनमध्ये त्याला विकत घेतले ते अहमदनगरच्या निजामशाहीचा पेशवा, म्हणजे मुख्य वजीर, चंगेजखान याने, आणि चंगेजखान स्वतः एकेकाळचा हबशी गुलामच होता. पुढे अंबर निजामशाहीचा कर्ता पुरुष झाला, १६१० मध्ये त्याने खडकी वसवली, आणि १६२४ च्या भातवडीच्या लढाईत शहाजीराजे त्याच्या बाजूने लढले. त्याचे नाव बदलत गेले तसे त्याच्या गावाचेही बदलले: खडकी, फतेहनगर, औरंगाबाद, छत्रपती संभाजीनगर. मालिका करायची तर मला ही नावेच बारा चित्रांचा विषय वाटतात. घोड्यावर बसलेला सरदार शेवटी आला तरी चालेल.

चेहऱ्याचे म्हणाल तर सावध राहा. त्याचे सर्वांत प्रसिद्ध चित्र शत्रूच्या दरबारात झालेले आहे. जहांगिराचा चित्रकार अबुल हसन याने १६१६ च्या सुमारास काढलेले हे चित्र डब्लिनच्या चेस्टर बीटी संग्रहालयात आहे: बादशहा पृथ्वीच्या गोलावर उभा आहे आणि भाल्यावर खोचलेल्या अंबरच्या मुंडक्यावर बाण सोडतो आहे. प्रत्यक्षात असे कधीच घडले नाही. अंबर १६२६ मध्ये पिकल्या वयात आपल्या मरणाने गेला आणि जहांगीर त्याच्यामागून सुमारे दीड वर्षाने. रणांगणावर जे साधले नाही ते बादशहाने कागदावर करून घेतले. स्थलांतरित माणसाची प्रतिमा बहुधा दुसऱ्याच्या हातची असते, याचा इतका उघड नमुना मिळणे कठीण. त्यामुळे ते चित्र टाळण्यापेक्षा त्यावरच एक चित्र करा. त्याच काळात, पांढऱ्या तलम जाम्यात उभा असलेला वयस्क अंबर दाखवणारी व्यक्तिचित्रेही झाली आहेत. ती शेजारी ठेवून पाहिलीत तर नाकाची ठेवण, दाढी आणि शरीराचा भारदस्तपणा यांचा अंदाज येईल.

शिवाय तुम्हाला डब्लिनला जाण्याचे कारणच काय? त्याची कबर खुलताबादला आहे, जवळच पत्नी बीबी करीमाची आहे. त्याने शहरासाठी आणलेल्या भूमिगत नहरेचे, म्हणजे नहर-ए-अंबरीचे अवशेष तुमच्याच गल्लीबोळांखाली आहेत. पावसाळ्यात खुलताबादला जाऊन दगडावर आलेल्या शेवाळाचे रंग पाहा, आणि त्वचेसाठी नळीतला तयार काळा रंग वापरू नका. गडद तपकिरीत निळा मिसळून, अंगावर पडणाऱ्या उजेडाप्रमाणे तो ठिकठिकाणी बदलत न्या. अबुल हसनाने बादशहाच्या अंगरख्यावर जितकी मेहनत घेतली आहे, तितकी त्या चेहऱ्यावर घ्यावी लागेल.